28 दिवसांचा बादशहा

दार बुटकं आहे, वाका. इथं वाकल्याशिवाय कुणालाच आत जाता येत नाही, मग तो शहाचा सरदार असो की बाजारातला हमाल. पायऱ्या उतरलात की समोर अष्टकोनी हौद दिसेल. काठावरच्या उंच बैठकीवर एक माणूस मांडीवर भलामोठा मातीचा ढोल घेऊन बसलाय. तो थाप देतोय, मध्येच घंटा वाजवतोय आणि हजरत अलीची स्तुती गातोय. खाली हौदात दहाबारा गडी त्याच ठेक्यावर जोर मारताहेत. हे तेहरान आहे, 1960 नंतरची काही वर्षं, आणि या जागेला जोरखाना म्हणतात. तुम्ही कोल्हापूर-सांगलीकडे तालमीच्या आसपास वाढला असाल, तर एव्हाना तुमचे खांदे शिवशिवायला लागले असतील. हातात देतील ते लाकडी मुदगल घ्या आणि फिरवून बघा. पाठीमागून नेऊन खांद्यावरून पुढे आणताना दंडापेक्षा मनगटाची परीक्षा असते, हे तुम्हाला सांगायला नको. हे मुदगल लक्षात राहू द्या, पुढे न्यूयॉर्कमध्ये त्यांच्यावरून मोठा घोळ होणार आहे.

भिंतीवर पैलवानांच्या तसबिरी आहेत. या काळात तेहरानात कुठंही गेलात तरी एका चेहऱ्याला मान आहे: गुलामरझा तख्ती. 1952 च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये आपल्या खाशाबा जाधवांनी ब्राँझ जिंकलं, त्याच स्पर्धेत मिडलवेट गटात तख्तीला रौप्य मिळालं. चार वर्षांनी मेलबर्नला सुवर्ण. पण लोक त्याला पदकांसाठी डोक्यावर घेत नव्हते, तो गरिबांच्या बाजूचा म्हणून घेत होते. शहाच्या दरबाराला ते खुपत होतं.

आपण ज्याच्या मागावर निघालोय तो याच मातीतला. हुसेन खोसरो अली वझीरी. जन्म 1942, गाव दामघान. कुस्ती अस्सल, अंग पोलादी. शहाच्या कुटुंबाच्या पहाऱ्यावर आपण होतो असं तो पुढे आयुष्यभर सांगत राहिला. जानेवारी 1968 मध्ये तख्तीचा मृतदेह तेहरानच्या एका हॉटेलच्या खोलीत सापडला. सरकार म्हणालं आत्महत्या. रस्त्यावरच्या माणसानं सावाक या गुप्त पोलिसांकडे बोट दाखवलं, अर्थात दबक्या आवाजात. एवढ्या मोठ्या पैलवानाची ही गत, तर आपण किस झाड की पत्ती, असा हिशेब वझीरीनं केला आणि त्यानं देश सोडला. म्हणजे ज्या माणसाला अमेरिका पुढे इराणचा राक्षस म्हणून ओळखणार होती, तो इराणच्या सत्तेला घाबरून पळालेला होता. प्रवासभर हे विसरू नका, कारण तुमच्या आजूबाजूच्या कुणालाच ते ठाऊक नसणार आहे.

आता स्वेटर घाला, एकावर एक दोन घाला. 1972 संपत आलंय आणि तुम्ही मिनेसोटात एका शेतावरच्या गोठ्यात उभे आहात. गोठा म्हणजे लाकडी, उंच आणि फटीफटींतून वारा शिरणारा. मालक व्हर्न गान्ये, स्वतः विद्यापीठाचा विजेता मल्ल, आता व्यावसायिक कुस्तीचा ठेकेदार आणि वस्ताद. त्याच्यासमोर बैठका काढणाऱ्या पोरांत एक जाडगेला सोनेरी केसांचा मुलगा आहे. त्याच्याकडे नीट बघून घ्या, तो पुढे रिक फ्लेअर या नावानं जग गाजवेल, सध्या मात्र त्याला पळून जावंसं वाटतंय. ऑलिंपिक वजनउचल्या केन पटेरा आहे, मालकाचा मुलगा ग्रेग आहे. आणि वझीरी आहे, ज्याला बैठकांचं काहीच वाटत नाही. आदल्या वर्षी, 1971 मध्ये, त्यानं ग्रीको-रोमन प्रकारात अमेरिकेचं राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकलंय आणि नुकताच म्युनिक ऑलिंपिकला अमेरिकी संघाचा सहायक प्रशिक्षक म्हणून जाऊन आलाय.

गोठ्यात शिकवतात ती नुरा कुस्ती. निकाल आधी ठरलेला, पण आदळणं खरं. आखाडा म्हणजे लोखंडी सांगाडा, त्यावर फळ्या, फळ्यांवर पातळ गादी आणि कॅनव्हास. तांबड्या मातीत पडण्याची सवय असलेल्यानं इथं एकदा पाठ टेकवून बघावी, मग ‘सगळं खोटं असतं’ हे वाक्य तोंडातून तितक्या सहज निघत नाही. इथं दोन जाती असतात. एक बेबीफेस, म्हणजे सज्जन. दुसरा हील, म्हणजे दुष्ट. आखाड्यात हळूच कानात सांगून सामना पुढे नेण्याचं काम बहुधा दुष्टाकडे असतं. केव्हा मार खायचा, केव्हा चिडायचं, केव्हा पंचाची नजर चुकवायची, लोक केव्हा खुर्चीवरून उठतील, हे सगळं त्याला कळावं लागतं. सज्जनाला दिसायला चांगलं असलं की बऱ्याचदा भागतं.

वझीरीनं सुरुवात सज्जन म्हणूनच केली. खरा मल्ल, साधा पोशाख, स्वच्छ डाव. कुणी ढुंकून बघितलं नाही. मग डोकं भादरलं, मिशांना पीळ दिला, टोकं वळलेले बूट घातले (ती कल्पना म्हणे गान्येच्या बायकोची), डोक्यावर अरबी रुमाल आला. इराणी माणूस अरब नसतो ही बारीक गोष्ट तिकीट काढणाऱ्याला कशाला हवी? 1979 मध्ये न्यूयॉर्कला त्याला उतरवलं ते ‘ग्रेट हुसेन अरब’ या नावानं. त्याच वर्षीच्या 4 नोव्हेंबरला तेहरानमधल्या अमेरिकी वकिलातीत विद्यार्थी घुसले. 52 अमेरिकी 444 दिवस ओलीस राहिले आणि रोज रात्री टीव्हीवर त्याची मोजदाद झाली. त्यानंतर ‘आयर्न शेख’ या नव्या नावानं उतरलेल्या वझीरीला कुणाचं नाटक करण्याची गरजच उरली नाही. नुसतं गावाचं नाव सांगितलं की काम होत होतं.

पुढचा मुक्काम मॅडिसन स्क्वेअर गार्डन. तारीख 26 डिसेंबर 1983. निघण्याआधी दोन सूचना. मिशा असतील तर जरा कमी करून जा. आणि शेजारच्यानं ‘तू कुठला’ असं विचारलं तर ‘इंडिया’ असं चटकन आणि मोठ्यानं सांगा. गेली चार वर्षं या देशात सावळ्या रंगाच्या कित्येकांना इराणी समजून शिव्या खाव्या लागल्यात. शिवाय दोनच महिन्यांपूर्वी बैरूतमध्ये बॉम्बस्फोटात 241 अमेरिकी सैनिक गेलेत आणि त्याचंही बोट इराणकडेच गेलंय. सभागृहात वीसेक हजार माणसं मावतात. बियर सांडल्यानं पायाखाली चिकट झालंय. निकाल तुम्हाला ठाऊक आहे, तो बोलू नका. तसे तिथं निकाल ठाऊक असलेले तुम्ही एकटे नाही, आखाड्यातल्या लोकांनाही तो ठाऊकच आहे.

बॉब बॅकलंड येतो. लाल तोंडाचा, शेतकऱ्याच्या घरातला वाटावा असा पोरगा, जवळजवळ सहा वर्षं जगज्जेतेपदाचा पट्टा त्याच्या कमरेला आहे. मग शेख येतो. बरोबर व्यवस्थापक फ्रेडी ब्लासी, हातात काठी. ब्लासी स्वतः एके काळचा नामांकित दुष्ट. लोकांनी आपल्याला किती वेळा भोसकलं याचा हिशेब तो अभिमानानं सांगत असे. शेखच्या हातात इराणचा झेंडा आहे. आता कानावर हात ठेवा. हा ओरडा तुम्ही खासबागेत ऐकला नसेल, कारण तिथं आवाज जिंकणाऱ्यासाठी चढतो. इथला आवाज एका माणसाच्या नावानं आहे आणि त्यात एक देश, एक वकिलात, एक बैरूत सगळं कालवलंय.

मुदगलांचा घोळ आता ऐका. काही दिवसांपूर्वी टीव्हीवर शेखनं आव्हान दिलं होतं की माझे मुदगल माझ्यासारखे कुणी फिरवून दाखवा. बॅकलंडनं खरंच फिरवले. फिरवत असतानाच शेखनं मागून हल्ला केला आणि त्याची मान दुखावली. ही झाली गोष्ट. खेळ म्हणून बघायचं तर तिची बांधणी सुरेख आहे. जोरखान्यात ज्यावर माणूस अंग कमावतो, त्याच वस्तूनं इथं दुष्टपणाचं हत्यार म्हणून काम केलं. वझीरीला याचं काय वाटलं असेल, असा प्रश्न तुम्हाला पडेल. मलाही पडतो. पण मुदगल फिरवताना तो जोरखान्यातलाच गडी असे, त्या फिरवण्यात लबाडी नव्हती, एवढं कुठल्याही चित्रफितीत दिसतं.

सामना दुखऱ्या मानेभोवती फिरतो. शेवटी बॅकलंड पालथा पडलेला, शेख त्याच्या कमरेवर बसलेला. आपल्याकडे सवारी भरतात तशीच ही बैठक, फक्त दोन्ही हातांची बोटं हनुवटीखाली गुंतवून डोकं मागं ओढायचं. या डावाला कॅमल क्लच म्हणतात. बॅकलंड हार मानत नाही. मानणारही नाही, तो सज्जन आहे. त्याचा व्यवस्थापक अर्नोल्ड स्कालंड बाहेर घुटमळतो, आणि मग टॉवेल आत टाकतो. संपलं. बॅकलंडनं हार पत्करली नाही, शेखनं त्याला चीत केलं नाही, तरी पट्टा गेला. कुणाचीच अब्रू न घालवता सहा वर्षांची सत्ता उलथवण्याची ही युक्ती ज्यानं योजली त्याला मानलं पाहिजे. तुमच्या आजूबाजूला काही क्षण माणसं नुसती उभी आहेत. इराणी माणूस अमेरिकेचा जगज्जेता! कागदी पेले उडायला लागतील, खाली वाका.

हा पट्टा त्याच्याकडे 28 दिवस राहणार आहे. खरं तर तो त्याला ठेवायला दिलेला होता. सोन्यासारख्या पोराच्या हातून सोन्यासारख्या पोरानं पट्टा हिसकावला तर लोक चिडतील, म्हणून मधे एक दुष्ट हवा होता. सगळ्यांचा राग अंगावर घेऊन पट्टा पलीकडे पोचवणारा. पलीकडे उभा होता हल्क होगन. हे सामने भरवणाऱ्या कंपनीच्या मालकाला, व्हिन्स मॅकमहॉनला, हा एकेका प्रांतापुरता चाललेला धंदा देशभर न्यायचा होता आणि होगन त्याचा घोडा होता. होगनला त्यानं फोडून आणलं होतं कुणाकडून? त्याच मिनेसोटातून, व्हर्न गान्येच्या कंपनीतून.

म्हणून 23 जानेवारी 1984 च्या रात्री, त्याच सभागृहात, जागा जरा पुढची घ्या. कारण इथं एक गोष्ट घडत नाही आणि तीच बघायची आहे. शेख पुढे सांगत असे की सामन्याआधी त्याला जुन्या वस्तादाचा निरोप आला होता: होगनचा पाय मोड, पट्टा घेऊन मिनेसोटाला ये, एक लाख डॉलर देतो. वस्तादाचा शब्द, आणि 1984 चे एक लाख डॉलर. आणि आखाड्यात उतरल्यावर त्याला अडवणारं कोण होतं? होगन दिसायला डोंगर होता, पण कुस्ती त्याला बेताचीच येत होती. शेख राष्ट्रीय विजेता होता. मनात आणलं असतं तर एका मिनिटात काम झालं असतं आणि वीस हजार माणसांना हा खेळाचाच भाग वाटला असता.

घंटा होण्याआधीच होगन तुटून पडतो. शेखचा झगा अजून अंगावर आहे, त्याच झग्यानं होगन त्याचा गळा आवळतो. मग डाव पालटतो, शेख त्याला वाकवतो, उचलतो, आपटतो, बुटाचं टोक जमिनीवर ठोकून लाथ घालतो. शेवटी सवारी. कॅमल क्लच लागला. होगनचे हात त्याच्या मांड्यांवर, मान त्याच्या पंज्यांत. बघा, याच वेळी काहीही करता आलं असतं. तो करत नाही. होगन त्याला पाठीवर घेऊनच उभा राहतो, उलटा धावत जाऊन कोपऱ्यातल्या खांबावर त्याला आदळतो, दोरांवरून उसळी घेऊन पाय त्याच्या गळ्यावर टाकतो आणि पंच तीन मोजतो. सगळं मिळून सहा मिनिटंसुद्धा नाहीत. सभागृह फुटतं. तुमच्या शेजारचा, एरवी गाव विचारणारा, तुम्हाला मिठी मारेल. मारू द्या.

माझं मत विचाराल तर त्या रात्रीचा कलाकार खाली पडलेला होता. त्या तीन मोजणीवर पुढचं सगळं उभं राहिलं: होगनची लाट, 31 मार्च 1985 चं पहिलं रेसलमेनिया, आणि नव्वदीत केबलवरून आपल्या घरात शिरलेली, पोरांच्या हातात पैलवानांचे पत्ते देणारी ती अख्खी जत्रा. त्या पहिल्या रेसलमेनियात शेख होताच, निकोलाय व्होल्कॉफच्या जोडीनं. व्होल्कॉफ सामन्याआधी सोव्हिएत राष्ट्रगीत म्हणे आणि शेख इराण एक नंबर, रशिया एक नंबर असं ओरडून अमेरिकेचं नाव घेताना थुंके. व्होल्कॉफ मुळात युगोस्लाव्हियातल्या स्प्लिटचा. ब्लासीची काठी समोरच्या जोडीतल्या बॅरी विंडहॅमच्या पाठीत घालून दोघांनी जोडीचा पट्टा जिंकला. गर्दी खवळली, तिकिटं खपली, ठीक झालं.

आता जरा उदास करणारा टप्पा. निळू फुल्यांना गावोगावच्या बायका शिव्या घालत आणि ती त्यांच्या कामाची पावती असे. पण फुले रंग पुसून सेवा दलाच्या कामाला जाऊ शकत होते. या धंद्यात रंग पुसायची सोय नव्हती. केफेब नावाचा अलिखित कायदा होता, आखाड्याबाहेरही आखाड्यातलंच नातं निभवायचं. दुष्टानं सज्जनाबरोबर जेवायचं नाही, एका गाडीत बसायचं नाही. मे 1987 मध्ये न्यू जर्सीच्या गार्डन स्टेट पार्कवेवर पोलिसांनी एक गाडी थांबवली. गाडी चालवत होता जिम डुगन, अमेरिकेचा झेंडा नाचवणारा सज्जन. शेजारी आयर्न शेख. गाडीत गांजा, शेखजवळ कोकेन. तुम्ही मागच्या सीटवर असाल तर गप्प बसा. पेपरांत अमली पदार्थांची बातमी आली, पण मालकाला त्याहून जास्त झोंबलं ते हे दोघं मित्रासारखे एका गाडीत सापडले हे. दोघांनाही काढून टाकलं. डुगन परत येऊन पुन्हा मोठा झाला. शेखचं व्यसन त्याच्याबरोबर राहिलं, तो परत आला-गेला, पण पुन्हा उभा राहिला नाही.

1991 मध्ये फार वेळ थांबू नका, पण बघून जा. आखाती युद्ध झालंय, दुष्ट म्हणून आता इराकी हवेत. वझीरीला लष्करी गणवेश चढवून ‘कर्नल मुस्तफा’ केलंय, सद्दामच्या बाजूचा. इराण आणि इराक आठ वर्षं एकमेकांची पोरं मारत होते ते 1988 मध्ये थांबलं, त्याला तीन वर्षंही झाली नाहीत. त्याच्या शेजारी कोण उभा आहे बघा: सार्जंट स्लॉटर. सात वर्षांपूर्वी हाच स्लॉटर याच शेखला अमेरिकेचा जयजयकार करत झोडपत होता, आणि आता देशद्रोही म्हणून त्याचा जोडीदार आहे. ऑगस्टमध्ये मॅडिसन स्क्वेअर गार्डनलाच दोघं, तिसऱ्या जनरल अदनानसह, होगनच्या जोडीकडून हरले. अदनान तेवढा खरा इराकी. त्यानंही पूर्वी बरीच वर्षं पिसांचा टोप घालून रेड इंडियनचं काम केलं होतं!

2001 च्या 1 एप्रिलला ह्यूस्टनच्या ॲस्ट्रोडोममध्ये चला. जुन्या विचित्र पात्रांची एक गर्दीकुस्ती आहे, ज्याला वरच्या दोरावरून बाहेर फेकलं तो बाद. शेवटपर्यंत कोण उरलं? शेख. का जिंकला? तर गुडघे इतके गेले होते की त्याला वरच्या दोरावरून बाहेर टाकणं शक्यच नव्हतं, म्हणून विजयी ठरवला. दोनच वर्षांनी, 2003 मध्ये, त्याच्या एका मुलीचा तिच्या प्रियकरानं खून केला. तिथं आपण जाणार नाही.

2005 मध्ये लॉस एंजेलिसला त्याचं नाव मानाच्या यादीत गेलं. त्याच रात्री होगनचंही आणि व्होल्कॉफचंही. त्याचा सत्कार करायला उभा राहिला सार्जंट स्लॉटर. पुढे टोरांटोतल्या इराणी वंशाच्या दोन भावांनी त्याचं ट्विटर खातं चालवलं. त्यावर तो मोठ्या अक्षरांत सगळ्यांना, विशेषतः होगनला, यथेच्छ शिव्या देई. शेखला कधीच आखाड्यात न पाहिलेली लाखो पोरं ते वाचून खूश होत होती. 7 जून 2023 रोजी जॉर्जिया राज्यातल्या फेएटव्हिल गावी, वयाच्या 81 व्या वर्षी, तो गेला. त्याच्यामागे तीन मुलींपैकी दोन, नातवंडं आणि एकदा त्याला सोडून गेलेली, पुन्हा परतलेली बायको होती.

परत आलात की 23 जानेवारी 1984 चा तो सामना इंटरनेटवर शोधून काढा, सहज सापडतो. पाच-सहा मिनिटांचाच आहे. होगन ओळखीचा आहे, त्याच्याकडे बघू नका. कॅमल क्लच लागल्यापासून शेखचे हात बघा, होगनच्या मानेला किती अलगद धरलंय ते.